प्रतिसाद: गाळा ते मंत्रालय, मधली वर्षे

छगन भुजबळ भाजीच्या गाळ्यावरून थेट मंत्रालयात पोहोचले, असे ज्या मूळ लेखाला हा प्रतिसाद आहे त्यात म्हटले आहे. त्यात मधली अठरा वर्षे गळतात. भायखळ्याच्या मंडईत भाजी विकणारे भुजबळ १९७३ साली शिवसेनेचे नगरसेवक झाले, १९८५ मध्ये महापौर आणि माझगावचे आमदार झाले, आणि मंत्रिपद मिळाले ते १९९१च्या अखेरीस सेना सोडून काँग्रेसमध्ये गेल्यावर. पहाटे माल उतरवून घेता घेता माणूस पारखण्याची सवय लागते, हे मान्य. पण माझ्या मते खरी कसोटी पुढची होती. १९९५ला माझगावातच शिवसेनेच्या बाळा नांदगावकरांकडून पराभव झाला, आणि तरीही, उपमुख्यमंत्री होऊन गेल्यानंतर, पन्नाशी उलटलेल्या या मुंबईकराने २००४ मध्ये नाशिक जिल्ह्यातल्या, पैठणीच्या येवल्यात नव्याने बस्तान बसवले.