मदत हवी आहे: छायालेखक नवरोज कॉन्ट्रॅक्टर यांचे माहितीपट (पुणे, निपाणी)

नमस्कार मंडळी,

नवरोज कॉन्ट्रॅक्टर यांच्या माहितीपटांवर सविस्तर लेख लिहायला घेतलाय. त्यासाठी पुण्यातल्या आणि निपाणीकडच्या जाणत्या लोकांची मदत हवी आहे.

नाव कदाचित चटकन लक्षात येणार नाही. मणी कौल यांचा 'दुविधा' (१९७३) किंवा नचिकेत आणि जयू पटवर्धन यांचा चाफेकर बंधूंवरचा '२२ जून १८९७' (१९७९) पाहिला असेल, तर त्यांचं काम तुम्ही पाहिलंय. पण माझ्या मते त्यांची खरी कमाई माहितीपटांत आहे, आणि तिच्याकडे फारसं कुणी वळत नाही.

दीपा धनराज, आभा भैया, मीरा राव आणि कॉन्ट्रॅक्टर यांचा 'युगांतर' हा माहितीपट करणारा गट. त्यांचा 'मोलकरीण' (१९८१) पुण्यातल्या घरकामगार बायकांच्या संघटनेवर, तर 'तंबाखू चाकीला ऊब आली' (१९८२) निपाणीच्या तंबाखू कामगार बायकांवर. निपाणीत ही मंडळी चार महिने होती. बायकांचं ऐकत, त्यांच्याशी चर्चा करत चित्रीकरण झालं आणि कॅमेरा थेट कारखान्याच्या आत गेला.

मला सगळ्यात जास्त जाणून घ्यायचंय ते या आतल्या चित्रणाबद्दल. १६ मिमी फिल्मचं ४०० फुटी रीळ जेमतेम ११ मिनिटं चालतं. एखादी बाई भर सभेत पहिल्यांदाच तोंड उघडतेय आणि नेमकं तेव्हाच रीळ संपलं, तर तिला 'पुन्हा एकदा बोला' म्हणता येत नाही. बटण कधी दाबायचं, कुठल्या चेहऱ्यावर थांबायचं, हे त्या क्षणी कॅमेऱ्याला डोळा लावलेला माणूसच ठरवतो. पुढे हैदराबादच्या दंगलींवरचा 'क्या हुआ इस शहर को?' (१९८६) आणि कुटुंबनियोजन कार्यक्रमावरचा 'समथिंग लाइक अ वॉर' (१९९१) हेही कॉन्ट्रॅक्टर यांनीच चित्रित केले. श्रेयनामावलीतल्या एका ओळीत मावणारं हे काम नाही, असं मला मनापासून वाटतं.

२०२३मध्ये मोटारसायकलच्या अपघातात ते गेले. त्यामुळे ज्यांनी त्यांना काम करताना पाहिलं, त्यांच्याकडूनच आता कळेल. निपाणीच्या तंबाखूच्या वखारीत उजेडाची सोय कशी केली होती? सोबत दिवे होते की पत्र्याच्या फटींतून येईल तेवढ्यावर भागवलं? बायका कॅमेऱ्याला सरावल्या कशा? चित्रपट तयार झाल्यावर निपाणीत किंवा पुण्याच्या वस्त्यांमध्ये दाखवला गेला तेव्हा कुणी हजर होतं का?

तुमची आई, आजी, मावशी तेव्हा वखारीत कामाला किंवा संघटनेत असेल, तर कृपा करून त्यांना विचारा. त्यांच्या शब्दांत जसं येईल तसं लिहा, तारखा आठवल्या नाहीत तरी चालेल. त्या वेळच्या मराठी मासिकांतली कात्रणं कुणाकडे असतील तर तीही हवी आहेत. कामगार बायकांची नावं मात्र इथे उघड देऊ नका, व्यक्तिगत निरोप (व्यनि) करा.