मदत हवी आहे: सिनेमावाल्यांशी बँडचा करार कसा करायचा?

नमस्कार मंडळी. आमचा कोल्हापुरातला ब्रास बँड, वराती आणि गणपती हेच मुख्य काम. अलीकडं मोरेवाडीच्या चित्रनगरीत मालिकेवाले बोलावतात. तिथं आवाज घेतच नाहीत, 'नुसतं वाजवल्यासारखं करा' म्हणतात. आमच्या क्लॅरिनेटवाल्या मामांना न फुंकता गाल फुगवायला जमेना, कॅमेरावाल्यालाच हसू फुटलं!

आता एका चित्रपटासाठी आम्ही स्वतः बसवलेली चाल मागितलीय, रेकॉर्डिंगसकट. माणशी मानधन ठरलं, चालीबद्दल मात्र चकार शब्द नाही. २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीनुसार कलाकाराला व्यावसायिक वापरावर रॉयल्टी मिळते. पण चित्रपटात काम किरकोळ असेल आणि रिवाजानुसार श्रेयनामावलीत नाव येत नसेल, तर कलाकार म्हणून असलेले जवळपास सगळे हक्क जातात. म्हणजे पाटीवर नाव येणं ही नुसती हौस नाही.

तर, चालीचा हक्क आमच्याकडं ठेवून फक्त त्या सिनेमापुरती परवानगी देता येते का? कागद बँडच्या नावे करायचा की चाल बसवणाऱ्याच्या? कुणाकडं मराठीत कराराचा नमुना असेल तर कृपया टाका. कोल्हापुरातला जाणकार वकील सुचवला तरी चालेल. सही मागतायत, घाई आहे.