रिटा मोरेनोनं आपली बोली सोडली होती का? (भाचीसाठी विचारून रायलो)

बांधावरचा:
नमस्कार मंडळी, आम्ही वडस्याच्या बाजूचे. माही भाची झाडीपट्टीच्या नाटकात काम करते, दिवाळी झाली का सुरू तं होळीपर्यंत आज या गावात उद्या त्या गावात, शंकरपट (बैलाईची शर्यत) असला की गाव भरून लोक आणि रातभर नाटक. आता तिले पुण्याहून एका सिरीयलच्या ऑडिशनचा फोन आला आणि फोनवरच्या माणसानं सांगतलं की आधी तोंडातली झाडी बोली काढ, नाई तं मोलकरणीचाच रोल भेटन. तेव्हापासून पोरगी घरातबी शुद्ध बोलून रायली, आजीसंगबी. आजी काल मले म्हणे, हे माह्यावर रुसली का रे?

मी मोबाईलवर ‘वेस्ट साइड स्टोरी’ हा जुना हॉलिवूड सिनेमा पाह्यला, त्यातली अनिता म्हणजे रिटा मोरेनो पोर्तो रिकोची म्हणतात, घरची भाषा स्पॅनिश. तिनं कसं केलं असन? कोणाले माहीत असन तं सांगा, मनापासून विचारतो.

लाखांदूरची_मास्तरीण:
दादा, माझी फार आवडती नटी आहे ती, म्हणून लांब लिहिते. खरं नाव रोसा दोलोरेस अल्वेरिओ, जन्म १९३१, पोर्तो रिकोतलं उमाकाओ. १९३६ मध्ये आई तिला घेऊन न्यूयॉर्कला आली, धाकटा भाऊ मागंच राहिला, आणि या पोरीला इंग्रजीचा एक शब्द येत नव्हता. पण ११ वर्षांची असताना अमेरिकन सिनेमांचं स्पॅनिश डबिंग करायला लागली, म्हणजे पहिलं काम घरच्या भाषेनंच दिलं, हे भाचीला नक्की सांगा. १३ व्या वर्षी ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या मोठ्या रंगभूमीवर.

मग हॉलिवूडनं काय केलं तर कधी आदिवासी मुलगी, कधी बेटावरची, ‘द किंग अँड आय’मध्ये (१९५६) तर ब्रह्मदेशाची, आणि या सगळ्या बायांना एकच अॅक्सेंट. त्या बाया खऱ्या कशा बोलत असतील याची कोणाला पडलेली नव्हती, ‘बाहेरची’ वाटली की झालं. अनिता करताना तिच्या तोंडाला गडद रंग फासला, ती म्हणाली आमच्यात सगळ्या रंगांची माणसं असतात, तर मेकअपवाल्यानं तिलाच विचारलं की तू वंशद्वेषी आहेस का! वाचून माझ्या डोळ्यात पाणी आलं होतं.

त्याच रोलला १९६२ मध्ये ऑस्कर मिळालं, ते मिळवणारी ती पहिली लॅटिना. आणि त्यानंतर पुन्हा तसलेच गँगवाल्या सिनेमांचे रोल यायला लागले तेव्हा तिनं नाही म्हटलं, बरीच वर्षं सिनेमात जवळजवळ दिसलीच नाही. त्या माणसाचं ‘मोलकरणीचा रोल’ वाचलं आणि मला हेच आठवलं.

वैनगंगाकाठ:
मास्तरीणबाई बरोबर हायत पण नाई म्हणायले आधी पोटाची सोय लागते. झाडीपट्टीचा सीझन संपला की पोरीनं काय करावं, तेंदूपत्ता? माह्या मते प्रमाण भाषा शिकावी, जोरात शिकावी. रिटाबी इंग्रजी शिकलीच ना.

लाखांदूरची_मास्तरीण:
शिकावीच, मी कुठं नाही म्हटलं. शिकणं वेगळं आणि काढून टाकणं वेगळं. रिटानं पार्टीत मित्रमंडळींना हसवायला एक पात्र तयार केलं होतं, गूगी गोमेझ, मोडकंतोडकं इंग्रजी बोलणारी गायिका. ते पाहून टेरेन्स मॅकनॅली या नाटककारानं ‘द रिट्झ’ नाटकात तिच्यासाठी तो रोल लिहिला आणि १९७५ मध्ये त्याच रोलसाठी तिला टोनी हा नाटकाचा मोठा पुरस्कार मिळाला. ज्या अॅक्सेंटनं तिला इतकी वर्षं अडकवून ठेवलं, तो आता तिच्या हातात होता. रेकॉर्डसाठीचा ग्रॅमी पुरस्कार १९७२ मध्ये, टीव्हीचा एमी १९७७ मध्ये. पंच्याऐंशी पार करून ‘वन डे अॅट अ टाइम’ या टीव्ही मालिकेत क्यूबन आजी केली, इंग्रजी बोलता बोलता स्पॅनिशवर जाणारी, अगदी आपल्या घरात होतं तसं. २०२१ च्या नव्या ‘वेस्ट साइड स्टोरी’तही ती आहे, आणि त्यात स्पॅनिश संवादांना खाली इंग्रजी ओळीच दिल्या नाहीत.

बांधावरचा:
बाई, भाचीले सारं वाचून दाखवलं. डबिंगचं ऐकून दोनदा विचारलं, अकराच वर्षांची होती का मामा? ऑडिशनले जाईन म्हणते, प्रमाण भाषेतला उतारा पाठ करून रायली, आणि झाडीतला आपल्या नाटकातला मायचा सीनबी नेईन म्हणते, म्हणले तं करून दाखवीन. तो सीन आज संध्याकाळी आजीपुढं करून पाह्यला. आजीनं मधातच थांबवलं, ‘असं नाई बोलत वो आमच्यात’, आणि एक शब्द दुरुस्त करून देल्ला.