मदत हवी आहे : मध्य प्रदेशाचा इतिहास आणि इथली माणसं, होळकर-शिंद्यांपलीकडची पुस्तकं सुचवा

नमस्कार मंडळी,

इंदूरहून लिहितोय. आमचं रामबागेत लहानसं वाचन मंडळ आहे, बहुतेक सगळे निवृत्त. महिन्यातून एकदा जमतो, एका पुस्तकावर भांडतो, मग पोहे-जिलबी. यंदा ठरलं की वर्षभर आपल्याच राज्यावर वाचायचं. प्रत्येकाने घरचं कपाट उघडलं आणि सगळ्यांकडे तेच निघालं : अहिल्याबाई, मल्हारराव, महादजी, फार तर वा. वा. ठाकुरांनी संपादित केलेली 'होळकरशाहीच्या इतिहासाची साधने'. वाईट काहीच नाही. पण या सगळ्यात भिल्ल येतो तो घाट अडवण्यापुरता, आणि गोंड तर येतच नाही.

2011 च्या जनगणनेत राज्यातला दर पाचातला एक माणूस आदिवासी आहे. भिल्ल सर्वांत जास्त, त्याखालोखाल गोंड. शिवाय कोरकू, बैगा, सहरिया, पातालकोटचे भारिया. आम्हा इंदूरच्या मराठी लोकांचा यांच्याशी संबंध काय, तर होळीआधी झाबुआला भगोरियाचा आदिवासी मेळा बघून यायचं आणि फोटो ग्रुपवर टाकायचे. पातालपाणीला इंग्रजांविरुद्ध लढलेल्या टंट्या भिल्लाच्या, म्हणजे टंट्या मामाच्या, समाधीवरून किती वेळा गेलो असू, पण त्याला 4 डिसेंबर 1889 ला जबलपूरला फाशी दिली यापलीकडे मंडळात कोणालाही धड सांगता येईना.

खजुरी बाजारात विचारलं तर हातात पडतात ती पीएससीच्या तयारीची पुस्तकं. जमात, जिल्हा, नाच, दागिना, पुढची जमात. ती नकोत, भिया!

मराठी किंवा हिंदी असेल तर उत्तम. इंग्रजी चालेल, फक्त दोघा-तिघांना वाचून दाखवावं लागेल. माणसं दिसली पाहिजेत, एवढीच अट.

प्रतिसाद – जबलपूरकर

काका, 'मध्य प्रदेश' नावाने शोधू नका, हाती काही लागणार नाही. हे राज्य 1 नोव्हेंबर 1956 चं. तुमचा मध्य भारत, रीवाकडचा विंध्य प्रदेश, भोपाळ आणि आमचा महाकोशल एकत्र आणून केलेलं, आणि त्याच वेळी विदर्भ तिकडे मुंबई राज्यात गेला. 2000 साली छत्तीसगडही वेगळं झालं. त्यामुळे जुनं कुठलंच पुस्तक आजच्या नकाशाला बसत नाही.

रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांचे जातीजमातींवरचे 1916 चे चार खंड तुम्हाला कोणीतरी सुचवेलच. हिरालाल आमच्या कटनीकडचे. पण ते खंड इंग्रजी अमलातल्या सेंट्रल प्रोव्हिन्सेस प्रांताचे आहेत, म्हणजे जबलपूर, मंडला, खंडवा, नागपूर. इंदूर-ग्वाल्हेर संस्थानं त्यात नाहीत, ती सेंट्रल इंडिया एजन्सीत होती. त्यांच्यासाठी लुआर्ड या इंग्रज अधिकाऱ्याची गॅझेटियर्स बघावी लागतील. आणि रसेल सलग वाचायला घेऊ नका. प्रत्येक जातीला एक स्वभाव चिकटवून द्यायची साहेबी खोड पानोपानी आहे. अडलं तर उघडायचं, बस.

मंडळात वाचायला मी एकच सांगेन : शामराव हिवाळे यांचं 'द परधान्स ऑफ द अप्पर नर्बदा व्हॅली', 1946. हिवाळे मराठी माणूस. आदिवासींचा अभ्यास करणाऱ्या व्हेरियर एल्विन या इंग्रजाबरोबर मंडल्याच्या जंगलात वर्षानुवर्षं राहिला, आणि नाव मात्र एल्विनचं झालं. परधान म्हणजे गोंडांचे गाणारे. बाना हे तंतुवाद्य वाजवत यजमान गोंडाच्या दारी जायचं आणि त्याच्या राजांच्या, देवांच्या कथा गायच्या. लेखी बखर नसलेल्या लोकांचा इतिहास यांच्या गळ्यात होता. भोपाळच्या भारत भवनात ज्यांची चित्रं गाजली ते जनगढ सिंह श्याम परधानच, पाटणगढचे. एल्विनचं 'द बैगा' (1939) त्यानंतर घ्या. बेवर, म्हणजे जंगल तोडून-जाळून करायची फिरती शेती, सरकारने बंद करायला घेतली तेव्हा त्या लोकांचं काय झालं, ते त्यात आहे. जाडजूड आहे, निवडक प्रकरणं वाटून घ्या.

प्रतिसाद – निमाडी

वरच्या सगळ्याला हो, पण काकांच्या दाराशी भिल्ल-भिलाला आहेत आणि यादी मंडल्याला पोचली! अमिता बाविस्करांचं 'इन द बेली ऑफ द रिव्हर' (1995) घ्या. अलीराजपूरकडचे भिलाला, सरदार सरोवरात बुडणारी जमीन आणि आंदोलन. चांगलं अशासाठी की आदिवासी म्हणजे निसर्गपूजक साधेभोळे, हे चित्र बाई तशीच पुढे करत नाहीत. गावातली भांडणं, जंगलात चोरून केलेली शेती, सगळं मांडतात. पोहे थंड होतील इतका वाद होईल.

माल्कमचं 1823 चं 'अ मेमॉयर ऑफ सेंट्रल इंडिया' त्याच्या शेजारी ठेवून वाचा. 1818 नंतर माळवा ताब्यात घेणाऱ्याने लिहिलंय, त्यामुळे आपल्या कारभाराची स्तुती भरपूर आहे. तरी अहिल्याबाईंवर लोकांना विचारून लिहिलेली पानं आणि माळव्यातल्या वस्तीचं वर्णन सोडू नका.

हिंदीत हवं तर भोपाळहून निघणाऱ्या 'चौमासा' पत्रिकेचे जुने अंक शोधा. बोली, गाणी, सण यांवर त्यात पुष्कळ काम आहे.

धागाकर्ता

दोघांचेही आभार. हिवाळ्यांचं नाव मंडळात एकालाही माहीत नव्हतं, आणि आम्ही मराठी पुस्तकं शोधत बसलो होतो! पहिल्या महिन्याला बाविस्कर, मग माल्कममधली निवडक पानं, आणि पावसाळ्यात हिवाळे असं ठरतंय. हिवाळ्यांची छापील प्रत इंदुरात किंवा भोपाळला कोणत्या ग्रंथालयात आहे, कोणी पाहिली आहे का? स्क्रीनवर वाचणं आमच्या वयाला झेपत नाही.

आणि श्योपूर-शिवपुरीचे सहरिया अजून राहिलेच आहेत. ग्वाल्हेरकर कोणी असाल तर त्यांच्यावर काही सुचवा, बुंदेलखंडाचंही चालेल.