मदत हवी आहे: गायरानातली जागा संस्थेला दिली, गावाला कळलं मोजणीच्या दिवशी. अपील कुठं आणि किती दिवसांत?

माळकरी_सोलापूर

नमस्कार मंडळी. मी सोलापूर जिल्ह्यातल्या एका कोरडवाहू गावचा. अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात हिशेब लिहितो, सुट्टीला गावी जातो. तालुक्याचं आणि संस्थेचं नाव मुद्दाम लिहीत नाही, कागद अजून हातात आलेले नाहीत.

गावाच्या उगवतीला गायरान आहे. सातबाऱ्यावर सरकार, इतर हक्कात गुरचरण. पाऊस झाला की त्या माळावर पवन्या आणि कुसळी गवत येतं. आमची आणि भावकीची मिळून दोनशेच्या वर मेंढरं तिथंच चरतात. पाझर तलावाकडं जायची गाडीवाटही त्यातूनच जाते. पंधरा दिवसांपूर्वी मोजणीची माणसं येऊन खुंट रोवू लागली, तेव्हा कळलं की यातली दहा एकर जागा एका शिक्षणसंस्थेला दिली आहे. दवंडी झाली नाही, चावडीवर कागद लागला नाही. वडिलांनी विचारलं तर ‘आदेश झालाय’ एवढंच सांगितलं.

प्रस्तावाला ग्रामसभेचा ठराव जोडलेला आहे. त्याचा फोटो एकानं मोबाईलवर दाखवला. तारीख आहे सिद्धेश्वर यात्रेतल्या अक्षता सोहळ्याच्या दिवसाची. त्या दिवशी आमचं निम्मं गाव सोलापुरात संमती कट्ट्यापाशी असतं. हजेरीत वडिलांच्या नावापुढं अंगठा आहे. वडील सातवी शिकलेत, आयुष्यभर सही करत आलेत. तो अंगठा बघितल्यापासून ते घरात कुणाशी नीट बोललेले नाहीत. मला झोप नाही ती याचमुळं.

शाळेला आमचा विरोध नाही. गावातल्या मुली बारावीला रोज एसटीनं जातात, मला त्याची जाणीव आहे. पण गावाला विचारून द्यायची जागा गावाच्या खोट्या संमतीवर दिली, हे सहन होत नाही.

जुनी माणसं म्हणतात, तलाठ्याकडं फेरफारावर हरकत घ्या. पोरं म्हणतात, पूनम गेटला उपोषणाला बसू. मला भीती वाटते की यात दिवस जातील आणि कायद्याची मुदत निघून जाईल. अपील कोणाकडं करायचं? मुदत आदेशाच्या तारखेपासून धरतात की आपल्याला कळल्यापासून? कृपया कुणी अनुभवी माणसानं सांगावं.

सीनाकाठ

दादा, महसूल खात्यात अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालो, त्यावरून सांगतो. फेरफार ही सातबाऱ्यावरच्या बदलाची फक्त नोंद आहे. तो अजून प्रमाणित झाला नसेल तर हरकत जरूर द्या, नोटिशीनंतर त्याला १५ दिवस असतात. पण हरकत जिंकली तरी वाटपाचा मूळ आदेश उभाच राहतो. लोक वर्षभर फेरफारावर भांडतात आणि आदेशाला हातच लावत नाहीत. माझ्या नोकरीत अशी प्रकरणं बुडताना मी फार पाहिलीत.

आधी आदेशाखाली सही कोणाची आहे ते बघा. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६, कलम २४७ खाली अपील होतं. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याचा आदेश असेल तर मुदत ६० दिवस, जिल्हाधिकाऱ्यांचा असेल तर ९० दिवस आणि अपील पुण्याला विभागीय आयुक्तांकडं. कलम २५० प्रमाणे मुदत आदेश मिळाल्यापासून मोजतात, नक्कल मिळवायला गेलेले दिवस वगळतात. म्हणून आज नक्कलेचा अर्ज टाका आणि पोच जपून ठेवा. तुम्हाला आदेश कधी दिलाच नाही, तेव्हा कसा आणि कोणत्या दिवशी कळला हे प्रतिज्ञापत्रावर लिहा, आणि कलम २५१ चा विलंब माफीचा अर्ज सोबत जोडाच. नुसतं अपील केलं म्हणून काम थांबत नाही, स्थगितीचा अर्ज वेगळा लागतो.

फाइलसाठी माहिती अधिकारात १० रुपयांचा अर्ज करा. प्रस्ताव, तलाठ्याचा अहवाल, स्थळपाहणी, पंचनामा, जाहीर प्रगटन आणि कार्यालयीन टिपणी मागा. प्रत्यक्ष फाइल पाहायचीही मागणी करा. टिपणीत कुणी काय शेरा मारला होता, तिथंच बऱ्याचदा प्रकरणाचं मर्म सापडतं. मात्र माहिती द्यायला त्यांना ३० दिवस असतात, तोवर अपील अडवून ठेवू नका.

वकील_बार्शी

काकांचं बरोबर आहे, थोडी भर घालते. त्याच संहितेचं कलम २२-अ वाचा. गायरान दुसऱ्या वापराला वळवायला त्यात मनाई आहे आणि अपवादही तिथंच दिलेत. हे प्रकरण त्या अपवादात बसतं का, हा तुमचा पहिला मुद्दा. २०११ साली जगपाल सिंग विरुद्ध पंजाब राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं गावाच्या सामाईक जमिनींबद्दल कडक भूमिका घेतली. तो निकाल अतिक्रमणाबाबत आहे, वाटपाला जसाच्या तसा लागू होत नाही, पण आधार म्हणून द्या.

ठरावाचं मूळ प्रोसिडिंग बुक, म्हणजे सभेच्या कामकाजाची वही, मागा. ग्रामसभेची गणपूर्ती, म्हणजे सभेला लागणारी किमान हजेरी, मतदारांच्या १५ टक्के किंवा १००, यातली कमी असेल ती. ती सभा तहकूब सभा म्हणून दाखवली आहे का हे तपासा, कारण तहकूब सभेला गणपूर्ती लागत नाही. वडिलांचं प्रतिज्ञापत्र करा, बँकेतल्या जुन्या सह्या जोडा. अशी पाच-सहा माणसं उभी करा, एकट्यावर ठेवू नका.

वाटपाला शासनाची मंजुरी असेल तर आयुक्तांकडचं अपील पुरं पडणार नाही, उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागेल. १८ ऑगस्ट २०२५ पासून सोलापूरची प्रकरणं उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडं आहेत, मुंबई गाठायची गरज नाही.

माळकरी_सोलापूर

काका, ताई, फार उपकार झाले. उद्या रजा टाकून नक्कलेचा अर्ज देतो. वडिलांना वाचून दाखवलं, त्यांनी पतसंस्थेचं जुनं पासबुक काढून ठेवलंय, त्यावर १९९८ ची सही आहे. शेजारच्या वस्तीवरचे चौघं प्रतिज्ञापत्राला तयार आहेत. एकच विचारतो, आदेश शासनाच्या मंजुरीवर झालाय हे नकलेवरूनच कळेल का, की फाइल बघावी लागेल?

सीनाकाठ

आदेशाच्या वर ‘वाचले’ म्हणून संदर्भांची यादी असते. मंजुरीचं शासनाचं पत्र असेल तर त्याचा क्रमांक आणि तारीख तिथं सापडेल. नक्कल मिळाली की यादी इथं टाका, नावं झाकून.