किश्लोव्स्कीने डॉक्युमेंटरी का सोडली?

अमोघ_क
पोलिश दिग्दर्शक किश्लोव्स्कीच्या डेकालॉग या टीव्ही मालिकेचे दहाही भाग संपवले, पाठोपाठ त्याचेच ब्लू, व्हाइट, रेड हे सिनेमे पण झाले, आता याच्याबद्दल मिळेल ते वाचत सुटलोय. हा माणूस आधी दहा-बारा वर्षं मुख्यतः डॉक्युमेंटऱ्या करत होता आणि मग फीचरकडे, म्हणजे कथापटांकडे, वळला. सेन्सॉरला कंटाळून, असं बऱ्याच जणांचं म्हणणं दिसतं, पण सेन्सॉर तर फीचरलाही होतंच की! त्याचा ब्लाइंड चान्स हा फीचर १९८१ मध्ये बनवला आणि लोकांसमोर आला १९८७ मध्ये. मग खरं कारण काय?

रिकामटेकडी
सेन्सॉर होतंच, पण निर्णायक ठरलं ते पोलिसांचं प्रकरण. १९८० च्या आसपास तो वॉर्सॉच्या सेंट्रल स्टेशनवर 'स्टेशन' नावाची छोटी फिल्म करत होता. रात्री ताटकळलेले प्रवासी, सामानाच्या लॉकरशी झटापट करणारी माणसं, कॅमेरा थोडा आडोशाला, असं सगळं साधंच. एके रात्री शूट करून परत येतात तर पोलीस हजर, सगळी रिळं जप्त. नंतर कळलं की एका मुलीने आईचा खून करून तुकडे बॅगांमध्ये भरून त्याच स्टेशनच्या लॉकरमध्ये ठेवले होते आणि पोलिसांना बघायचं होतं की ती कुठे दिसतेय का. ती दिसली नाही, रिळं परत मिळाली. पण याच्या डोक्यात बसलं ते बसलंच, की कॅमेरा जरा इकडे किंवा तिकडे वळला असता तर आपण न विचारता पोलिसांचे खबरे झालो असतो. त्यानंतर डॉक्युमेंटरी जवळजवळ बंदच.

जुना_प्रोजेक्टर
+१, पण शंका त्याच्याही आधीची आहे. १९७४ ची 'फर्स्ट लव्ह' बघा, अगदी तरुण जोडपं, लग्न, बाळंतपण, सगळं कॅमेऱ्यासमोर. तो पुढे म्हणायचा की खऱ्या अश्रूंची त्याला भीती वाटते, ते टिपायचा आपल्याला हक्क आहे का हेच कळत नाही, त्यापेक्षा ग्लिसरीन परवडलं. आणि १९७९ चा अमाच्योर (इंग्रजीत कॅमेरा बफ) म्हणजे तर याच प्रश्नावरचा सिनेमा. कारखान्यातला माणूस मुलगी होणार म्हणून कॅमेरा घेतो, मग दिसेल ते शूट करत सुटतो, त्यापायी दुसऱ्याची नोकरी जाते, स्वतःची बायको सोडून जाते. मुख्य भूमिकेतला नट येर्झी श्टूर काय दिसलाय त्यात! मॉस्को फेस्टिव्हलला मोठं बक्षीसही मिळालं होतं.

वकिलीणबाई
'घाबरून सोडली' एवढंच धरून चालू नका, कारण पुढची गोष्ट उलटी आहे. पोलंडमधल्या मार्शल लॉच्या (लष्करी कायद्याच्या) काळात, १९८२ मध्ये, तो राजकीय खटले शूट करायला कोर्टात गेला, आणि लक्षात काय आलं तर कॅमेरा चालू असला की न्यायाधीश कडक शिक्षा ठोठावत नाहीत, नंतर कुणी जाब विचारला तर पुरावा नको म्हणून. मग काय, वकीलच बोलवायला लागले, आमच्या खटल्याला पण या. एकाच वेळी सगळीकडे पुरे पडायचं म्हणून नंतर काही कॅमेऱ्यांत फिल्मच नसायची, नुसते उभे केलेले! डॉक्युमेंटरी झालीच नाही, पण माणसं वाचली. तिथेच क्रिष्टोफ पिएशेविच हा वकील भेटला, दोघांनी मिळून 'नो एंड' हा सिनेमा लिहिला, आणि डेकालॉग ते रेड सगळ्या पटकथा याच जोडीच्या. म्हणजे डॉक्युमेंटरीतूनच त्याला त्याचा लेखक मिळाला म्हणा ना.

अमोघ_क
फिल्म नसलेले कॅमेरे!! हे माहीतच नव्हतं. डेकालॉग पाच मधला तो नवखा वकील आता वेगळाच दिसायला लागला. डॉक्युमेंटऱ्यांपैकी सुरुवात कशाने करू?

रिकामटेकडी
'टॉकिंग हेड्स', १९८०. साधारण पाव तासाची. लहान बाळापासून शंभरीच्या आजीपर्यंत सगळ्यांना तेच प्रश्न, जन्म कधीचा, तू कोण, तुला काय हवंय. मग 'स्टेशन' बघ, तीही तेवढीच छोटी आहे. 'फर्स्ट लव्ह' लगेच घेऊ नकोस, ती निवांत वेळ काढून बघायची.