बळ्ळारी नाल्याकाठचे शिवार पाणथळ राखीव क्षेत्र व्हावे का?

शहापूरकर : बेळगावच्या येळ्ळूर, शहापूर, वडगाव आणि अनगोळ परिसरातील सखल शिवार दर पावसाळ्यात बळ्ळारी नाल्याच्या पाण्याखाली जाते. आपण त्याला पूर म्हणून मोकळे होतो. पण शहराच्या डांबरी रस्त्यांवरून आणि गच्च्यांवरून धावत आलेले पाणी हेच शिवार थोपवून धरते, मुरू देते आणि सावकाश पुढे सोडते. आज तिथे भराव टाकून प्लॉट पाडले जात आहेत. केंद्राच्या २०१७ च्या पाणथळ नियमांतून नदीपात्रे आणि भातशेती वगळलेली असल्यामुळे त्या नियमांचा येथे आधार मिळत नाही. म्हणून राज्य सरकारने हा पट्टा स्वतंत्रपणे राखीव ठेवावा आणि तिथे भराव व बांधकामाला कायमची बंदी घालावी, असे माझे ठाम मत आहे.

वडगावचा शेतकरी : ‘राखीव’ म्हटले की आमच्या पोटात गोळा येतो. हलगा-मच्छे बायपासला पिकाऊ जमीन जाऊ नये म्हणून इथल्या शेतकऱ्यांना कोर्टाची पायरी चढावी लागली, आणि आता पक्ष्यांसाठी कुंपण घालायचे काय? राजस्थानात भरतपूरला १९८२ मध्ये पक्ष्यांच्या राष्ट्रीय उद्यानात गुराचराई बंद केली, तेव्हा माजलेल्या गवताने उथळ पाणीच गिळले आणि पक्ष्यांची जागा उलट आक्रसली. माणूस हाकलला म्हणजे पाणथळ वाचते, हे खरे नव्हे. शिवाय आमच्या शेतात शिरते ते निव्वळ पावसाचे पाणी नसते. पुलाखाली जलपर्णी आणि प्लास्टिक अडकून पाणी फुगते, बांध ओलांडून शिरते आणि ओसरल्यावर कुजलेल्या रोपांवर ड्रेनेजचा काळा गाळ बसलेला असतो. आधी महापालिकेने सांडपाणी अडवावे आणि नाल्यातला गाळ काढावा.

मार्कंडेयकाठ : गोकाक तालुक्यातील घटप्रभा पक्षी अभयारण्य १९७४ पासून आहे, तरीही धुपदाळ बंधाऱ्याचे पाणी कालव्यांतून शेतीला मिळतच आहे आणि हिवाळ्यात करकोचेही तिथे उतरतात. त्यामुळे संरक्षण आले की शेती गेली, ही भीती अनाठायी वाटते. उद्या सगळीकडे एनए (बिगरशेती) झाले, तर गाळ काढायला नाला तरी उरेल का?

वडगावचा शेतकरी : धुपदाळला बंधारा सरकारी आणि पाणीही सरकारी. इथे उताऱ्यावर आमची नावे आहेत, हा फरक लहान नाही. प्लॉट पाडणाऱ्याला जमीन विकणारा शेतकरी हौसेने विकत नाही. लागोपाठ भात बुडाले की त्याच्यापुढे दुसरा मार्ग राहत नाही.

शहापूरकर : हा मुद्दा मला मान्य आहे, आणि म्हणूनच मला कुंपण नको आहे. भातखाचर हेच इथले पाणथळ आहे. बांधावर टपून उभी असलेली ढोकरी आणि नांगरामागे फिरणारे गायबगळे त्याच खाचरावर जगतात. मालकी आणि पीक शेतकऱ्याचेच राहावे, पण भरावबंदीबाबत मी मागे हटणार नाही, कारण एकदा मुरूम पडलेले खाचर पुन्हा भाताखाली येत नाही.

वडगावचा शेतकरी : मग शहराचे पाणी आमच्या शिवाराने झेलायचे असेल, तर महापालिकेने बुडालेल्या पिकाची भरपाई दरवर्षी, पंचनाम्याच्या खेपा न घालता, थेट द्यावी. ओसरल्यावर राहणाऱ्या ओलीवर आम्ही मसूर घेतो, त्यामुळे स्वच्छ पाण्याशी आमचे वैर नाही. सांडपाणी थांबवण्याची आणि भरपाईची तरतूद लेखी झाली, तर भरावबंदीच्या अर्जावर पहिली सही मी करीन, त्याआधी नाही.